वहिनींचं जपानी गाणं

आमच्या मुलीला पुण्याच्या नोकरीत जपानी भाषा शिकायला बसवलं आहे. परवा फोनवर ती हसत सांगत होती की जपानात ओसाकाकडच्या बोलीत 'अहो' म्हणजे बावळट, आणि हे कळल्यावर वर्गातल्या लग्न झालेल्या मराठी बायका हसून बेजार झाल्या. मी म्हटलं, ही गंमत आपल्या गल्लीला तू शाळेत जायच्या आधीपासून माहीत आहे. तिला ते खरं वाटेना. जालन्यात, जुन्या घराच्या गल्लीत, जपानी कोणाला येत होतं? मी नाव सांगितलं.

"गाडेकर काकूंना?" ती म्हणाली. "पण त्या तर कधी घराबाहेरच दिसायच्या नाहीत."

तिचं बरोबर आहे. कुमुदवहिनी घराबाहेर दिसत नसत.

गाडेकर कुटुंब आमच्या शेजारी राहायला आलं ते एक्याऐंशीच्या सुमारास. मूळचे पिंपळगाव रेणुकाईचे, तिथं शेती भावाकडं, आणि हे पाटबंधारे खात्यात कारकून. घरात गाडेकर, वहिनी, एक मुलगा आणि गाडेकरांची आई. आमची आणि त्यांची भिंत एक. मी जन्मभर कापसाच्या जिनिंगमध्ये हिशेबाचं काम केलं, त्यामुळं ज्या गोष्टीची खात्री नाही ती सांगायची मला सवय नाही. वहिनींचं वय मला ठाऊक नाही, शिक्षण किती झालं होतं तेही विचारलं नाही. जे भिंतीपलीकडून ऐकलं आणि भिंतीअलीकडून पाहिलं, तेवढंच सांगतो.

एक गोष्ट आधीच स्पष्ट करतो, गाडेकरांवर अन्याय नको. त्यांनी बायकोला कधी कोंडून ठेवलं नाही, हात उचलल्याचं मी पाहिलं नाही, आवाज चढवल्याचंही क्वचित. वहिनी घरात अडकल्या त्या दोन गोष्टींमुळं. एक म्हणजे सासू. इथं आल्यावर वर्षभरात म्हातारीची डावी बाजू गेली, आणि ती पुढं फार वर्षं खाटेवर होती. तिच्या उशाशी एक स्टीलची वाटी आणि चमचा असे. काही लागलं की ती वाटी वाजवायची, आणि तिला सारखंच काही ना काही लागायचं. दुसरी गोष्ट नळ. जालन्यात ज्यांनी ते दिवस काढले त्यांना सांगायला नको, आणि बाहेरच्यांना सांगून पटत नाही. पाणी कोणत्या दिवशी येईल याचा भरवसा नव्हता. आलं की ज्याच्या घरात माणूस त्याच्या घरात पाणी. बाकीच्यांनी पुढच्या खेपेपर्यंत टँकरमागं पळायचं. म्हणून प्रत्येक घरातली एक बाई नळाला बांधलेली असायची. आमच्याकडं शोभा, माझी बायको, आणि तिच्या जोडीला माझी बहीण होती. वहिनींकडं वहिनीच.

रेडिओ गाडेकरांचा. ते सकाळी बातम्या आणि बाजारभाव ऐकायचे. संध्याकाळी ऑफिसातून आले की चहा घेऊन सायकलवर पुन्हा बाहेर, मित्राच्या दुकानावर बसायला. त्या वेळात वहिनी रेडिओ स्वयंपाकघराच्या फडताळावर घेत आणि हिंदी गाण्यांसाठी काटा फिरवत. एकदा फिरवता फिरवता जपानच्या रेडिओचा हिंदी कार्यक्रम लागला. थोड्या बातम्या, थोडे भाषेचे धडे आणि शेवटी एक जपानी गाणं. त्या दिवशी काय झालं ते मला माहीत नाही, पण दुसऱ्या दिवशी शोभानं सांगितलं की वहिनी आपल्या गच्चीवरच्या खांबाला रेडिओच्या एरियलची तार बांधायची परवानगी मागून राहिल्या आहेत.

तांब्याची तार त्यांच्या खिडकीतून निघाली, भिंतीवरून आमच्या खांबाला आली. दुसरी एक तार त्यांनी रेडिओपासून नळाच्या पाइपाला बांधली, म्हणजे आवाज साफ येतो असं त्यांना कोणीतरी सांगितलं होतं. मी पाहायला गेलो तेव्हा म्हणाल्या, "भाऊजी, नळाचा काही तरी उपेग व्हायला पायजे ना."

धडे साधे असत. स्टेशन कुठं आहे. हे सफरचंद ताजं आहे. माझा मोठा भाऊ बँकेत आहे. वहिनी पोळ्या लाटता लाटता म्हणायच्या. त्या लिहून घेत नसत, हात पिठात असायचे. शोभा सांजवेळी तिकडं गेली की तिला शिकवायच्या, आणि शोभा घरी येऊन मला म्हणायची की आज आपण जपानीत डॉक्टरला बोलावलं. एका दिवशी वहिनी स्वतः भिंतीपाशी आल्या, इतक्या खुशीत की पदर पिठानं भरलेला तसाच. म्हणाल्या, "भाऊजी, त्यांच्यातबी घरातून निघताना 'जाते' म्हणत न्हाईत. 'जाऊन येते' म्हणत्यात. बिलकुल आपल्यासारखं. आन् जो घरात असतो त्यानं म्हणायचं, 'जाऊन या'."

दोन्ही वाक्यं त्यांनी जपानीत म्हणून दाखवली. पहिलं जरा अडखळत, दुसरं सफाईनं. शोभानं विचारलं, पहिलं नीट येत नाही का? त्या म्हणाल्या, "मला दुसरंच लागतं. पहिलं पाठ करून काय करू?"

त्यानंतर गाडेकर ऑफिसला निघाले की दारातून ते दुसरं वाक्य ऐकू यायचं. ते त्याला बहुतेक कसला तरी मंत्र समजत असावेत. मागं वळून पाहायचे नाहीत.

आमच्या गल्लीच्या टोकाला वाघमारे मॅडम राहायच्या. शाळेत शिकवायच्या आणि जवळच्या वस्तीतल्या बुद्धविहाराचं बरंचसं काम पाहायच्या. विहारात एक जपानी भिक्खू येणार होते, बरोबर त्यांच्याच शहरातली काही मंडळी, असं मॅडमनी सांगितलं आणि वहिनींना आग्रहानं बोलावलं. शोभा म्हातारीपाशी बसली. गाडेकर यायला तयार झाले, कारण कार्यक्रमाला त्यांच्या खात्याचे साहेब यायचे होते. मीही गेलो.

पाहुण्यांत एक वयस्क जपानी बाई होत्या. वहिनी सरळ त्यांच्यापुढं गेल्या आणि बोलायला लागल्या. बोलल्या म्हणजे धड्यातली वाक्यं. स्टेशन कुठं आहे असं त्यांनी विचारलं. त्या बाईंनी आधी डोळे मोठे केले, मग वहिनींचे दोन्ही हात धरले आणि काहीतरी सावकाश, खरंखुरं उत्तर दिलं. मग वहिनींनी सफरचंदाचं विचारलं. त्याचंही उत्तर आलं. दोघी तशाच हात धरून, वाकून वाकून, एकमेकींशी स्टेशन आणि सफरचंदावर बोलत राहिल्या. मी वहिनींना इतक्या मोकळ्या चेहऱ्यानं त्याआधी पाहिलं नव्हतं. हे आपल्या माणसानं पाहावं असं त्यांना वाटलं असणार. गाडेकर पलीकडं साहेबांच्या शेजारी उभे होते. वहिनींनी हाक मारली, "अहो. अहो, जरा इकडं या की."

त्या बाईंनी तोंडावर हात धरला. मग त्यांना हसू आवरेना, खांदे हलायला लागले. भिक्खूसुद्धा मान खाली घालून हसले. दुभाष्या नागपूरचा होता, त्यानं अडखळत खुलासा केला की यांच्या बोलीत या शब्दाचा अर्थ बावळट असा होतो, आणि या विचारत आहेत की इथल्या बायका नवऱ्याला सगळ्यांदेखत असं म्हणतात का. सभा हसली. साहेब सगळ्यात जास्त हसले. म्हणाले, "गाडेकर, आमच्या घरी पण तेच म्हणतात हो मला." गाडेकरही हसले, पण त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या मी पाहिल्या.

गोष्ट तिथं संपली असती. पण दुसऱ्या दिवसापासून ऑफिसात ते आले की कोणी ना कोणी म्हणायचं, "या, अहो." शिपाईसुद्धा. काही दिवस त्यांनी सहन केलं, मग घरी येऊन सांगितलं, "इथून पुढं मला अहो म्हणायचं न्हाई."

"मंग काय म्हणू?" वहिनींनी विचारलं.

"काय बी म्हण. ते न्हाई."

आता वाचकांनी विचार करावा. नाव घेता येत नाही. 'अहो' म्हणता येत नाही. मुलगा तेव्हा घरात होता, तर 'बाबू, बापाला सांग' असं त्याच्यामार्फत चालायचं, पण तो शाळेत गेला की वहिनींपाशी नवऱ्याला बोलवायला शब्दच उरला नाही. त्या दारात येऊन बांगड्या वाजवायच्या. नाहीतर भिंतीकडं पाहून म्हणायच्या, "जेवण वाढलंय." शोभा म्हणायची, त्या घरात वाटी एक वाजते आणि बांगड्या दुसऱ्या, माणसाचा आवाज नाहीच.

मग रेडिओवरच्या धड्यात आलं की जपानी बायका नवऱ्याला 'अनाता' म्हणतात. वहिनींना वाटलं, सुटले. संध्याकाळी गाडेकर आले तशी त्यांनी हाक मारली, "अनाता, चहा घ्या."

खाटेवरून म्हातारीनं वाटी आपटली. "काय म्हणून राह्यली गं? अनाथ? माझ्या लेकराला अनाथ म्हणती? मी मेले का आजून?"

वहिनींनी समजावलं की जपानीत तसं म्हणतात. म्हातारी म्हणाली, "जपानात म्हणंनात का. त्यांची माय मेली असंल. माझा लेक मी जिती हाये तोवर अनाथ न्हाई." आणि ती रडायला लागली. गाडेकरांनी चहा तसाच ठेवला.

शेवटी वहिनींनी तोडगा काढला तो असा. कोणाला हटकायचं झालं, वाट विचारायची झाली की जपानी माणसं आधी 'आनो' म्हणतात. जरा थांबून, जरा भीत म्हणायचा शब्द. वहिनी नवऱ्याला 'आनो' म्हणायला लागल्या. ऐकणाऱ्याला 'अहो'च जरा नाकातून म्हटल्यासारखं वाटायचं. म्हातारीला फरक कळला नाही, गाडेकरांना कळला पण हरकत घ्यायला जागा नव्हती. पुढं सगळी वर्षं त्यांनी नवऱ्याला अनोळखी माणसाला हटकावं तशीच हाक मारली.

आता गाण्याकडं येतो.

त्या कार्यक्रमात एक गाणं पुन्हा पुन्हा लागायचं. निवेदक हिंदीत अर्थ सांगायचा, तो एवढाच, की एक बाई बंदरावर उभी आहे आणि जहाज निघून गेलं आहे. वहिनींनी समुद्र पाहिलेला नव्हता. पण ते गाणं त्यांनी अक्षर अक्षर उचललं. फक्त गाडेकर बाहेर असताना म्हणायच्या. दारात सायकल टेकवल्याचा आवाज आला की रेडिओ बंद आणि गाणंही बंद, ओळ अर्धी असली तरी. मी भिंतीअलीकडून तुकडे ऐकलेले. पूर्ण गाणं ऐकलं ते फार उशिरा, मुंबईला थेट गाडी सुरू झाल्यानंतरच्या काळात.

वाघमारे मॅडमनी बातमी आणली की मुंबईतली एक जपानी संस्था भारतीय लोकांसाठी जपानी गाण्यांची स्पर्धा घेते आहे. आधी कॅसेट पाठवायची, त्यातून निवडलेल्यांनी मुंबईला जाऊन मंचावर गायचं. टेपरेकॉर्डर मॅडमचा आणि खोली आमची, कारण वहिनींच्या घरात वाटीचा आवाज कॅसेटमध्ये आला असता. मी पंखा बंद केला. वहिनी भिंतीकडं तोंड करून उभ्या राहिल्या आणि गायल्या.

मला गाण्यातलं कळत नाही. पण एक चमत्कारिक गोष्ट माझ्याही लक्षात आली. आवाज मध्येच दूर जायचा, जवळजवळ नाहीसा व्हायचा, आणि मग कुठून तरी पुन्हा जवळ यायचा. त्या जागेवरून हललेल्या नव्हत्या. मॅडमनी विचारलं, असा आवाज का नेता?

"गाणंच तसं हाय," वहिनी म्हणाल्या. "येतं आन् जातं. बंदरावरचं हाय ना."

माझ्या ध्यानात आलं. शॉर्टवेव्हवर लांबचं स्टेशन असंच लागतं. आवाज भरतो, ओसरतो, पुन्हा भरतो. वहिनींना गाणाऱ्या बाईचा आवाज कुठला आणि हवेचा खेळ कुठला ते वेगळं करता आलं नव्हतं. त्यांनी दोन्ही पाठ केलं होतं. मी स्पष्ट बोलणारा माणूस आहे, तिथंच सांगून टाकलं की वहिनी, ती लाट नाही, तो रेडिओ आहे.

त्यांनी थोडा विचार केला. म्हणाल्या, "असू द्या. माझ्यापर्यंत आलं ते असंच आलं."

कॅसेट गेली. काही आठवड्यांनी आमच्या घरी फोन आला, कारण मॅडमनी आमचाच नंबर दिला होता. बोलणारे गृहस्थ हिंदीत बोलत होते. श्रीमती गाडेकर यांची निवड झाली आहे. परीक्षकांना, जे जपानी आहेत, त्यांची आवाज आत ओढून घ्यायची पद्धत फार आवडली आहे, त्यांनी असं कधी ऐकलं नव्हतं, तर त्यांचे गुरू कोण आहेत? मी म्हटलं, विचारून सांगतो. वहिनींना विचारलं तर त्या पदर तोंडाला लावून हसत सुटल्या. मी त्यांना हसताना पाहिलं त्यातलं ते शेवटचं म्हटलं तरी चालेल.

मुंबईला जायचं की नाही, हे ठरायला पाच-सहा संध्याकाळी गेल्या. बोलणं आमच्या ओसरीवर व्हायचं. गाडेकरांनी पहिल्याच दिवशी सांगितलं, "जाऊ द्या ना. माझी कुठं ना हाय?" ते मनापासून बोलत होते, असं मी अजूनही मानतो. मग त्यांनी आईचं काढलं. शोभा म्हणाली, मी आणि वन्सं बघतो. त्यांनी नळाचं काढलं. मी म्हटलं, तुमचे हंडे आम्ही भरू. त्यांनी मुक्कामाचं विचारलं, तर मॅडमची बहीण मुंबईत होती. सोबत कोण? मॅडम स्वतः. असा एकेक प्रश्न सुटत गेला आणि मला वाटलं, जमलं.

शेवटच्या संध्याकाळी ते म्हणाले, "बायको स्टेजवर गाती आन् नवरा घरी बसला, असं लोक म्हणतील. आधीच एकदा झालंय. मी संगं पायजे."

मी म्हटलं, मग या की तुम्हीही.

"मला कसं येता येईन? आईला उचलून बसवायला गडी लागतो. बायांचं काम न्हाई ते. आन् ती माझ्याबिगर कोणाला हात लावू देत न्हाई."

हे खरं होतं. मुलगा तेव्हा शिकायला बाहेरगावी होता. म्हातारीचं अंग जड होतं आणि तिला परक्या पुरुषाचा हात चालत नव्हता. पण या वेळी तिनं आतून हाक मारली. तिनं सगळं ऐकलं होतं. म्हणाली, "जिनिंगवाल्याला बोलवा. उचलून पाहू द्या."

मी आत गेलो. तिनं उजव्या हातानं डोळे झाकून घेतले, दात आवळले आणि माझ्याकडून उचलून घेतलं. तिच्यासाठी ते काय होतं ते मला तिच्या मानेच्या शिरांवरून कळलं. बसती झाल्यावर तिनं डोळे उघडले आणि सुनेकडं पाहून म्हणाली, "झालं की. जा म्हणावं तिला. मी गप पडती दोन दिवस."

गाडेकर दारात उभे होते. त्यांनी आईचा चेहरा पाहिला, कपाळावरचा घाम पाहिला. खाली बसून तिचे पाय दाबायला लागले. म्हणाले, "आईला तरास झाला. न्हाई, असं न्हाई चालायचं. पुढच्या साली बघू. स्पर्धा काय पुन्हा असंलच."

मी हिशेबाचा माणूस. घरी येऊन ते सगळं पुन्हा मनाशी मांडून पाहिलं. ते बरोबर असल्याशिवाय वहिनी जाऊ शकत नाहीत, आणि वहिनी जातात तेव्हा ते घराबाहेर जाऊ शकत नाहीत. एकही रक्कम खोटी नव्हती. प्रत्येक ओळ तपासली तर बरोबर, आणि बेरीज अशी की बाईनं घरातच राहायचं. मला तेव्हापासून बरोबर हिशेबाची जरा भीतीच वाटते.

वहिनी त्या वेळी स्वयंपाकघराच्या दारात होत्या. त्या रडल्या नाहीत, वादही घातला नाही. "आनो," त्या म्हणाल्या, "चहा निवला तुमचा."

स्पर्धा झाली त्या आठवड्यात आमच्या खांबावरून तार उतरली. त्यांनी ती खिडकीकडून ओढून घेतली, गुंडाळली आणि मागच्या अंगणात कपडे वाळत घालायला बांधली. मुंबईहून पुन्हा एकदा फोन आला, पुढच्या वर्षीसाठी. मी निरोप दिला. त्यांनी मान हलवली आणि विषय बदलला. संध्याकाळी भिंतीपलीकडून रेडिओ ऐकू यायचा बंद झाला. गाणं तर नाहीच.

म्हातारी त्यानंतरही बरीच वर्षं होती. ती गेली तेव्हा मुलगा बाहेरगावी नोकरीला लागला होता आणि गाडेकरांची निवृत्ती जवळ आली होती. घरात रंगीत टीव्ही आला, केबल आली. त्याच सुमारास गल्लीतल्या पोरांना जपानी कार्टूनचं वेड लागलं. शाळा सुटली की पोरं आमच्या दारावरून ती नावं ओरडत जायची, हवेत हात फिरवून एकमेकांवर कसल्या तरी शक्ती सोडायची, डब्यावर, दप्तरावर, बिस्किटाच्या पुड्यावर तीच चित्रं. ज्या देशाचं नाव गल्लीत काढलं की वहिनींना हसायचे, तो देश आता प्रत्येक घरात सकाळ-संध्याकाळ चालू होता, आणि कोणाला त्याचं काही वाटत नव्हतं. ज्या घरी केबल नव्हती त्यांची पोरं वहिनींकडं बसायची. वहिनी शेंगा सोलत मागं बसलेल्या असत. शोभानं एकदा विचारलं, आवडतं का? त्या म्हणाल्या, "तोंड एक बोलतंय आन् आवाज भलताच. हिंदी लावलीय त्यांना." थोड्या वेळानं म्हणाल्या, "घरोघरी तसंच हाय म्हणा."

निवृत्तीनंतर गाडेकर बदलले. दुकानावर बसणं सुटलं, कारण ज्याचं दुकान तो मित्रच गेला. घरात दिवसभर बायको आणि आपण, दुसरं कोणी नाही, वाटीही वाजत नाही. तेव्हा त्यांच्या डोक्यात ते मुंबईचं आलं असावं. एके दिवशी ते स्टेशनवर गेले आणि दोन तिकिटं काढून आणली. समुद्र दाखवतो म्हणाले, आणि ती संस्था कुठं आहे तेही शोधू. वहिनींनी तिकिटं पाहिली. म्हणाल्या, "आता कशाला? तिथं मला कोण ओळखतंय?" गाडेकरांनी पुष्कळ सांगितलं, आमच्या शोभाकडून सांगवलं. शेवटी ते स्वतःच जाऊन तिकिटं परत करून आले.

मी त्यांना शेवटचं एकत्र पाहिलं ते त्यानंतर थोड्याच दिवसांनी. आम्ही नव्या घरात राहायला जाणार होतो, म्हणून निरोप घ्यायला मी संध्याकाळी त्यांच्याकडं गेलो. ऊन अजून भिंतीवर होतं. गाडेकर आणि मी ओसरीवर बसलो. वहिनींनी चहा आणून ठेवला आणि आत गेल्या. आतून परातीत पीठ मळण्याचा आवाज येत होता.

गाडेकर बराच वेळ इकडचं तिकडचं बोलले. मग आवाज खाली आणून म्हणाले, "भाऊ, ते गाणं तुम्ही ऐकलं होतं म्हणं. पूर्ण."

मी म्हटलं, हो. कॅसेट भरली तेव्हा.

"मी न्हाई ऐकलं कधी." ते कपाकडं पाहत होते. "एवढी वर्षं एका घरात. मी म्हणतो तिला, म्हण की एकदा. तर म्हणती, इसरले. कसं हाय हो ते?"

मला गाता येत नाही. कसं आहे हे शब्दांत सांगायचा प्रयत्न केला, जमेना. बंदर, जहाज, एवढं सांगितलं. ते माझ्याकडं पाहतच राहिले, डॉक्टर काही सांगेल म्हणून पाहावं तसे. मग मी जेवढी आठवत होती तेवढी चाल, शब्दांशिवाय, नुसती गुणगुणली. दोन ओळी असतील. त्यांनी मान खाली घालून ऐकली आणि माझ्यामागून तशीच म्हणून पाहिली. त्यांचा आवाज फाटका होता, माझा त्याहून वाईट. आम्ही दोघं म्हातारपणाकडं झुकलेले पुरुष, जालन्याच्या त्या ओसरीवर, एक जपानी गाणं चाचपडत होतो. ते पुन्हा म्हणाले. मी पुन्हा म्हटलं.

आतला पीठ मळण्याचा आवाज थांबला.

"चुकलं," वहिनी आतून म्हणाल्या.

गाडेकर झटकन वळले. इतकी आशा मी त्यांच्या चेहऱ्यावर कधी पाहिली नव्हती. "कुठं चुकलं?" त्यांनी विचारलं.

आम्ही दोघंही थांबलो. चहा संपेपर्यंत थांबलो, ऊन भिंतीवरून उतरेपर्यंत थांबलो. आत परात पुन्हा वाजायला लागली, तरी गाडेकर दाराकडंच तोंड करून बसले होते.